साहचर्यवादाचं माझं उदाहरण

गेल्या आठवड्यात सरांचा फोन आला. सर म्हणजे मला एम.ए.ला तत्त्वज्ञान शिकवणारे सर. निवृत्त होऊन त्यांना बरीच वर्षं झाली. आता घरी बसून ते तत्त्वज्ञानातल्या मराठी संज्ञांचा एक छोटा कोश तयार करतायत. एकेका शब्दाचा अर्थ, तो कुठून आला, आणि शेवटी एक उदाहरण. उदाहरण आपल्या घरादारातलं पाहिजे, पुस्तकातून उचललेलं चालणार नाही, असा त्यांचा हट्ट.

"'साहचर्यवाद' झालाय लिहून," सर म्हणाले. "उदाहरण तुझंच घेतलंय. आईचं लुगडं नेसून म्हशीची धार काढणारा विद्यार्थी. नाव घालत नाही. पण एकदा नजर टाक, काही चुकलं असेल तर सांग. पुढच्या शनिवारी मजकूर छापायला जातोय."

"पाठवा सर, बघतो," मी म्हणालो.

ते पान अजून माझ्यासमोर आहे. अर्थ बरोबर आहे, उगम बरोबर आहे. उदाहरणाखाली सरांनी एक वाक्य घातलंय, की हा प्रकार प्रस्तुत लेखकाने स्वतः पाहिला आहे. तेवढं वाक्य मी किती वेळा वाचलं ते सांगत नाही. उदाहरण खोटं आहे. आई घरी नसताना त्या विद्यार्थ्यानं लुगडं एकदाच अंगावर घेतलं होतं, तेही दहा मिनिटं. आणि सरांनी जे पाहिलं ते त्यांना वाटलं ते नव्हतं. सरांनी खरं काय पाहिलं हे माहीत असलेली माणसं दोन, मी आणि आई. एवढी वर्षं दोघंही गप्प बसलो. आता ते छापून येणार होतं, आणि कुठलंसं पोरगं ते पाठ करून पेपरात लिहिणार होतं.

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. हे मी आजही ताठ मानेनं सांगतो. वडील कबनूरला यंत्रमागावर होते, पाळ्या करायचे, तिकडंच चौघांत एक खोली घेऊन राहायचे आणि सणावाराच्या सुट्टीलाच घरी यायचे. कोल्हापुरात, गावाच्या कडेला आमची दोन खोल्यांची जागा, मागं पत्र्याचा गोठा आणि गोठ्यात एक म्हैस. लांब शिंगांची, अंगानं बारीक, स्वभावानं खट. ती आईची होती. घरात कुणाचं काय असं विचारलं तर वडिलांची सायकल, माझी पुस्तकं आणि आईची म्हैस.

कोल्हापूरच्या माणसाला दूध डोळ्यांसमोर काढलेलं लागतं. संध्याकाळी आमच्या गोठ्याच्या तोंडाशी किटल्या आणि तांबे घेऊन आठ-दहा माणसं उभी असायची. एखादा तिथंच पेला पुढं करून फेसासकट धारोष्ण पिऊन मिशी पुसायचा. आई सगळ्यांशी बोलत बोलत धार काढायची.

म्हशीचं एक होतं. तिचं रेडकू जन्मल्यावर चारच दिवसांत गेलं, आणि तिनं पान्हा चोरायला सुरुवात केली. कास भरलेली, पण सडाला हात लावला की वरच्या वर ओढून घ्यायची. आईनं तिच्या अंगावर हात फिरवत, तिच्याशी बोलत, पंधरा दिवस घालवून तिला परत आणलं. त्यानंतर ती फक्त आईला पान्हवायची. आई गोठ्यात शिरताना बादली दोनदा वाजवायची आणि म्हणायची, "ये बया, ये." एवढ्यावर म्हैस कान पाडायची आणि सडांतून थेंब गळायला लागायचे. वडिलांना तिनं कधी एक धार दिली नाही.

मी एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होतो तेव्हा आईचं गर्भपिशवीचं ऑपरेशन झालं. उचलायचं नाही, वाकायचं नाही, पाच आठवडे विश्रांती. मामा तिला मुरगूडला घेऊन जाणार होता. जायच्या आदल्या दिवशी तिनं खुंटीवरचं हिरवं जुनेर काढून माझ्या हातात दिलं. गोठ्यात जाताना ती तेच नेसायची. त्याला शेणाचा, पेंडीचा आणि तिच्या मिश्रीचा वास होता.

"धुऊ नगंस," ती म्हणाली. "डोईवरनं पदर घे, बादली दोनदा वाजीव, 'ये बया' म्हण. बाकी तिची ती करती."

"आई, मी लुगडं नेसू?"

"नेसू नगंस, गुंडाळ. म्हशीला काय निऱ्या मोजायच्या हाईत?"

"लोक काय म्हणतील?"

"दूध द्या म्हणतील. दुसरं काय म्हणत्यात? मी एवढी वर्सं बसलो तिथं, मला कुणी काय म्हणालं न्हाय."

इथं बाहेरच्यांसाठी सांगायला पाहिजे, की आमच्याकडं बायका स्वतःबद्दल 'मी आलो, मी गेलो' असंच बोलतात. आई आयुष्यभर पुरुषासारखी क्रियापदं वापरत आली. तिला कधी वाटलं नाही की आपलं बाईपण त्यानं कमी होतंय. मला मात्र चार हात जुनं कापड खांद्यावर घ्यायला पुरुषपण आड आलं.

पहिल्या संध्याकाळी मी ते घेतलं. पॅन्टवरनं गुंडाळलं, डोक्यावर पदर ओढला, बादली वाजवली आणि पडेल आवाजात "ये बया" म्हणालो. म्हशीनं वळून बघितलं, पदर हुंगला आणि क्षणभरानं कान पाडले. पान्हा आला. आईनं सांगितलं तसंच झालं. मी खाली बसून धार काढायला लागलो आणि मागनं पहिला आवाज आला.

"काय पावणं, म्हशीला सासू आली म्हणायची."

"सासू न्हवं, वयनी हाईत. वयनी, पदर सावरा की, दुधात पडंल."

"वयनी, मापात जरा हात सैल ठेवा. नव्या नवरीचं पयलं माप हाय."

वाईट माणसं नव्हती ती. रोजची होती, आईला ताई म्हणणारी. हसले, दूध घेतलं, गेले. मी एक शब्द परत टाकला असता तर तेही विसरले असते. पण त्यांच्यामागं माझ्या वर्गातला एक मुलगा किटली घेऊन उभा होता. आमच्याच भागात त्यानं नुकतीच खोली घेतली होती. तो हसला नाही. आपल्या चपलांकडं बघत राहिला, आणि दूध घेताना मला ओळख न दाखवता निघून गेला. मला सोडवायचं म्हणून त्यानं तसं केलं असेल. मला ते हसण्यापेक्षा लागलं.

मी लुगडं खुंटीला लावलं आणि त्यानंतर पाच आठवडे त्याला हात लावला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी नुसती बादली वाजवून बघितली. म्हशीनं सड ओढून घेतले. संध्याकाळी पेंड जास्त घातली, पाठ चोळली, आईचा आवाज काढायचा प्रयत्न केला. तिनं लाथ मारून बादली आडवी केली. लोक रिकाम्या किटल्या घेऊन परत गेले. तिसऱ्या दिवशी कास दगडासारखी झाली होती. कसंही करून त्या दिवशी तरी मी लुगडं घ्यायला पाहिजे होतं. खुंटी गोठ्याच्या दारातच होती, हात लांब केला की झालं असतं. मी हात लांब केला नाही. मी पलीकडच्या गल्लीत एक गोठेवाले होते, त्यांच्याकडं गेलो. मी त्यांना काका म्हणायचो. त्यांनी सगळं ऐकून फळीवरनं एक छोटी बाटली आणि सुई काढून दिली.

"मानंत टोच. दोन मिंटात पान्हा."

"काका, जनावराच्या डॉक्टरला विचारायला पाहिजे काय?"

"डॉक्टर काय तुज्या दारात धार काढाय येणार हाय व्हय?"

डॉक्टरशिवाय ते औषध द्यायचं नसतं हे मला ठाऊक होतं. पेपरात वाचलेलं होतं. तरी मी दिलं. लोक यायच्या आधी मागच्या बाजूनं गोठ्यात शिरलो, मानेच्या डाव्या अंगाला सुई टोचली. म्हैस थरथरली, आणि खरंच दोन मिनिटांत चारी सडांतून धारा लागल्या. त्या संध्याकाळी मला अपराधी वाटलं असं लिहिलं तर ते खोटं होईल. मला हुशारी वाटली. आईचे पंधरा दिवस, तिचं बोलणं, तिचं जुनेर, हे सगळं मी एका बाटलीत बसवलं होतं.

बाटली आणि सुई मी बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात ठेवायचो. घट्ट झाकणाचा डबा. उघडताना 'टक्' असा आवाज यायचा. दिवसातून दोनदा, पाच आठवडे.

त्याच पाच आठवड्यांत मला विभागात निबंध वाचायचा होता. विषय सरांनी दिलेला, 'साहचर्यवाद : संज्ञेचा अर्थ आणि उगम.' मी जीव तोडून तयारी केली. सकाळी म्हशीला सुई टोचायची, हात धुवायचे आणि ग्रंथालयात जाऊन बसायचं. आज ते दिवस आठवले की मला दोन गोष्टींची चीड येते. एक, मी ते केलं. दुसरी, करत असताना मी जे वाचत होतो आणि जे करत होतो ते मला एकत्र दिसलंच नाही.

काय वाचत होतो, तर हे. मनात कल्पना एकटी राहत नाही. जी दुसरीबरोबर पुन्हा पुन्हा आली तिच्याशी ती बांधली जाते, आणि मग एक आली की दुसरी न बोलावता येते. माणसाचं सगळं ज्ञान, आठवण, सवय, भीती अशा बांधणीतूनच उभी राहते असं मानणारं मत म्हणजे साहचर्यवाद. फार पूर्वी ग्रीसमधल्या एका विचारवंतानं आठवण कशी चालते ते बघताना तीन वाटा सांगितल्या होत्या. सारखेपणा, विरोध आणि जवळीक. पुढं इंग्लंड-स्कॉटलंडातल्या तत्त्ववेत्त्यांनी त्यावर पुरता वाद उभा केला. त्यांनी जो शब्द वापरला त्याच्या पोटात लॅटिनमधला 'सोबती' आहे. मराठीत त्याला शब्द शोधताना नवा घडवावा लागला नाही. न्यायशास्त्रात तो होताच. जिथं जिथं धूर तिथं तिथं आग, या दोघांच्या नेमानं बरोबर असण्याला तिथं साहचर्य म्हटलेलं आहे. सह म्हणजे बरोबर, आणि चर् हा धातू. त्याचा अर्थ मी निबंधात 'चालणे, वागणे' असा दिला. आपल्या बोलण्यातलं 'चरणं' त्याच धातूचं, गुरं चरतात तेच. ते मला शब्दकोशात दिसलं होतं. मी लिहिलं नाही. विभागात भारी इस्त्रीचे कपडे घालून येणारी मुलं-मुली होती. त्यांच्यासमोर तत्त्वज्ञानाच्या शब्दात गुरं नकोत असं वाटलं. आमच्या घरात अशा गोष्टीला 'सवकणं' म्हणतात. म्हैस सवकली, कुत्रं सवकलं, म्हणजे सवयीला लागलं. तोही शब्द मी घातला नाही.

निबंध चांगला झाला. संपल्यावर सर म्हणाले, "धूर आणि आग सगळ्यांच्याच वहीत आहे. तुझ्या घरातलं एखादं सांग."

मग तोंडातून जे बाहेर पडलं ते तयारी केल्यासारखं सरळ आलं. आमच्या घरी एक म्हैस आहे. ती फक्त आईला पान्हवते. आई बाहेरगावी आहे. तेव्हा रोज दोन वेळा मी आईचं जुनेर अंगावर घेतो, बादली दोनदा वाजवतो, 'ये बया' म्हणतो, आणि म्हशीच्या मनात लुगड्याबरोबर बांधलेला पान्हा खाली येतो. माझी आई शाळेत गेली नाही, पण साहचर्यवाद तिला हातानं येतो.

वर्ग हसला, पण आदरानं हसला. सरांचा चेहरा उजळला. "आणि लोकांसमोर नेसतोस?" त्यांनी विचारलं.

"व्हय सर," मी म्हणालो. विभागात मी 'हो' म्हणायचो. त्या दिवशी मुद्दाम 'व्हय' म्हणालो, साधेपणा दिसावा म्हणून.

"बघा," सर वर्गाकडं वळून म्हणाले, "स्वतःच्या घराची लाज नसलेला माणूस असा असतो."

किटली घेऊन आलेला तो मुलगा तिसऱ्या बाकावर होता. पहिल्या संध्याकाळी त्यानं मला बघितलं होतं आणि त्यानंतर तो दुधाला आमच्याकडं फिरकला नव्हता, म्हणजे माझ्या बोलण्याला साक्षीदारही होता. त्यानं मान हलवली. मी त्याच्याकडं परत बघितलं नाही.

आई परतली त्या संध्याकाळी ती अंग सांभाळत गोठ्यात गेली. मी नको म्हणत होतो. "नुसती बसतो. वाकत न्हाय," ती म्हणाली. तिनं जुनेर खुंटीवरनं काढलं. पदराच्या घडीत कोळ्यानं जाळं केलं होतं. तिनं ते बोटानं काढलं, माझ्याकडं बघितलं नाही. बादली वाजवली. "ये बया, ये."

म्हैस तिच्याकडं बघत राहिली. तिचा हात हुंगला, चाटला सुद्धा. पण सड कोरडे. आई अर्धा तास बसली. दारातली माणसं कुजबुजत निघून गेली.

"इसरली रं मला," आई म्हणाली आणि हसली. तसं हसताना तिला मी त्याआधी बघितलं नव्हतं. "पाच हप्त्यात इसरली. रेडकू गेल्यावर बी एवढं झालं नव्हतं."

मला ठाऊक होतं काय झालंय. त्या शहरात ते माझ्यापेक्षा चांगलं कुणी समजावून सांगू शकलं नसतं, निबंध लिहिला होता मी त्यावर. मी म्हणालो, "येईल ताळ्यावर."

दुसऱ्या दिवशी रविवार होता आणि सर आले. न सांगता आले. आईंना भेटायचंय म्हणाले, आणि तो प्रकार बघायचाय. गोठ्याच्या तोंडाशी आम्ही त्यांना खुर्ची दिली. आई म्हशीजवळ स्टुलावर बसली होती, अंगावर तेच जुनेर.

"तुमच्या मुलानं आम्हाला तुमच्या लुगड्याचं सांगितलं," सर म्हणाले. "पाच आठवडे रोज नेसून धार काढली म्हणे. चार लोकांसमोर. मोठी गोष्ट आहे हो."

आईचा हात म्हशीच्या पाठीवर होता तो थांबला. तिनं माझ्याकडं बघितलं. कोळ्याचं जाळं तिला आठवलं असणार. मग ती सरांना म्हणाली, "व्हय. नेसला की."

एवढंच म्हणाली. मी तिथं उभा होतो आणि माझी आई माझ्यासाठी एका शिकलेल्या माणसाशी खोटं बोलली.

मग तिनं बादली वाजवली. "ये बया." काही नाही. परत वाजवली. सर वाकून बघत होते. आईला पाहुण्यासमोर अवघडल्यासारखं झालं आणि ती म्हणाली, "अरं, सरांस्नी च्या दे. आनि बिस्किटं आन."

मी आत गेलो. चहा केला, बिस्किटांचा डबा घेतला. हा खरा बिस्किटांचा. दोन्ही डबे एकाच दुकानातले, एकाच मापाचे. गोठ्याच्या दारात येऊन मी सरांसमोर तो उघडला. टक्.

म्हशीची मान डावीकडून आकसली. असा कातडीला पीळ पडला, आणि पुढच्या पायापर्यंत थरथर गेली. आणि मग, मी बघत असताना, सडांतून थेंब गळायला लागले. एक, दोन, मग धार.

"सोडला," सर आनंदानं म्हणाले. "ओळखलं बघा आईला. लुगडं ओळखलं."

आई धार काढायला लागली नाही. ती उठली, म्हशीच्या मानेवर हात फिरवला. डाव्या अंगाला, जिथं कातडी आकसली होती तिथं. तिची बोटं एका जागी थांबली, मग दुसऱ्या, मग तिसऱ्या. बारीक गाठी होत्या. मग तिनं माझ्या हातातल्या डब्याकडं बघितलं. सर चहा पीत होते. आई परत बसली आणि धार काढली. पहिला पेला तिनं सरांना दिला नाही, "ऑपरेशन झाल्यापासनं हात स्वच्छ न्हाईत माजं," असं काहीतरी सांगितलं आणि सगळी बादली बाजूला ठेवली. नंतर ती तिनं मोरीत ओतली. त्या दिवशी कुणालाच दूध दिलं नाही. मी पाच आठवडे तेच दूध दारातल्या प्रत्येक किटलीत घालत आलो होतो.

सर गेल्यावर तिनं आधी बादली धुतली. मग म्हणाली, "दोनी येळंला?"

"व्हय."

"लुगडं का न्हाय घेतलंस?"

"लोक हसले, आई."

"किती जन?"

"तिघं-चौघं."

"हसू द्यायचं हुतंस की. हसून हसून किती येळ हसत्यात." ती म्हशीच्या गळ्याखाली हात घालून उभी होती. "इसरली न्हवती ती मला. मीच उगं तिला नाव ठेवलो."

मग तिनं विचारलं, "तुमच्यात ह्याला काय म्हंत्यात? ज्येच्यावर तू लिवलंस."

"साहचर्यवाद."

"म्हंजी?"

"सह म्हणजे संगं. चर् म्हणजे चालणं. दोन गोष्टी संगं संगं चालल्या की..."

"संगं चरायचं म्हन की सरळ," आई म्हणाली. "मग तू कवा चरलास तिच्यासंगं?"

ती टोमणा मारत नव्हती. तिला खरंच विचारायचं होतं. म्हैस आमच्याकडं आल्यापासून मी तिला एकदाही चरायला नेलं नव्हतं. पुस्तक घेऊन सुद्धा नाही.

पुढचे काही महिने आई तिला रोज नदीच्या कडेनं चरायला न्यायची. डॉक्टरांनी तिला चालायला सांगितलंच होतं, असं म्हणायची. मी बरोबर जायचो. म्हैस आईच्या अंगाला लागून चालायची आणि मी ज्या बाजूला असेन त्याच्या पलीकडं व्हायची. मी बाजू बदलली की तीही बदलायची. घरातले पत्र्याचे दोन्ही डबे आईनं भंगारवाल्याला दिले. दूध आलं परत, पण पहिल्यासारखं कधी आलं नाही, आणि फक्त आईला. एकदा मी ते जुनेर अंगावर घेऊन, दारात सगळी माणसं असताना, बादली वाजवली. कुणी फार हसलं नाही. म्हशीनं लुगडं हुंगलं, मग लुगड्याच्या आतला माणूस हुंगला आणि मान आकसून घेतली. ती आमच्याकडं अजून सहा वर्षं होती. शेवटपर्यंत मी गोठ्यात शिरलो की तिच्या मानेची डावी बाजू आधी हलायची.

मी आता ज्युनियर कॉलेजात तर्कशास्त्र शिकवतो. व्याप्तीचा धडा आला की धूर आणि आग सांगतो. घरातलं उदाहरण सांगत नाही. सरांच्या जुन्या विद्यार्थ्यांपैकी कुणी भेटलं की म्हणतं, "तुम्हीच नव्हं ते लुगडंवाले?" आणि मी हसतो. हसणं म्हणजे होकारच.

चार दिवसांपूर्वी मी आईला कोशाचं सांगितलं. ती आता थकली आहे. गोठ्याच्या जागी मी खोली बांधली आहे, पण संध्याकाळी ती अजून त्याच तोंडाशी खुर्ची टाकून बसते.

"शनिवारी छापतायत," मी म्हणालो.

"मग सांग की."

"सरांना वाईट वाटेल."

"सरास्नी, का तुला?"

मी आतनं कोरा कागद घेऊन आलो.

"माजं बी लिव त्यात," ती म्हणाली. "मी बी 'व्हय, नेसला' म्हनालो हुतो. तुज्या एकट्याचं खोटं न्हवतं ते."

"तुझं नाही लिहीत, आई."

"का? मला काय लाज हाय? मी खोटं बोललो तर बोललो. माज्या लेकासाठी बोललो. तू कशासाठी बोललास ते तेवढं नीट लिव."

ते नीट लिहायला मला दोन दिवस लागले. 'गरज होती', 'वय लहान होतं', 'लोक हसत होते' अशी तीन कारणं मी लिहिली आणि तिन्ही खोडली. शेवटी जे उरलं ते असं, की मला स्वतःच्या घराची लाज होती आणि लाज नसल्याचं कौतुक मला हवं होतं. मग सगळं जसं झालं तसं लिहून सरांना पाठवलं. बाटली, डबा, मानेवरच्या गाठी, आईचं 'नेसला की', सगळं.

काल संध्याकाळी सरांचा फोन आला. त्यांच्या घरातल्या पंख्याचा आवाज ऐकू येत होता.

"म्हणजे मी बघितलं ते काय होतं?" त्यांनी विचारलं.

"झाकणाचा आवाज, सर."

"आणि मी इतकी वर्षं लुगडं सांगत आलो." मग म्हणाले, "तुझ्या आईला कळलं होतं? त्याच वेळी?"

"व्हय सर."

"माझ्यासमोर?"

"व्हय."

सर रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. ते कागद चाळत होते.

"स्वतः पाहिला आहे, हे वाक्य काढतो," ते म्हणाले. "लुगडं काढतो. डबा घालतो. धातूपाशी 'चरणे' लिहितो, ते राहिलं होतं माझंही. विद्यार्थी तोच ठेवू?"

"तोच ठेवा, सर," मी म्हणालो.